तीन वेळा हॉर्न

“साहेब, सांगितलं तर कुणाला खरं वाटायचं नाही,” आरोपीच्या पिंजऱ्याचा कठडा धरून म्हातारा म्हणाला.

वकिलानं डोळे मिटले. ‘गुन्हा कबूल’ एवढंच म्हणा आणि तोंडाला कुलूप लावा, असं त्यानं तीनदा बजावलं होतं.

ही सहावी तारीख. पंखा कुरकुरत होता. सकाळपासूनची एकविसावी फाईल न्यायाधीशांनी पुढ्यात ओढली. हयगयीनं घरची गाडी चालवून पोस्टमनचा पाय मोडला. आरोपीचं वय एकाहत्तर, पहिलाच गुन्हा, वर पश्चात्ताप. अशाला दंडावर सोडतात. खरी गाडी चालवणाऱ्या त्याच्या सुनेच्या नावावर मात्र गेल्या वर्षीचा असाच एक गुन्हा होता. दुसरा लागला की लायसन्स जाणार, आणि शाळेची व्हॅन चालवायची तिची नोकरीही. म्हणून अपघाताच्या वेळी घरी खुर्चीत पेंगत असलेला सासरा आज पिंजऱ्यात उभा होता आणि सून शेवटच्या बाकावर बसली होती.

“बोला. थोडक्यात.”

“पन्नास वर्षं गाडी चालवतोय, साहेब. एकदा ब्रेक गेले, तर अख्खा घाट नुसती शिट्टी वाजवत उतरलो. म्हशींना वाटलं, रेल्वेच आली!”

कारकून हसला. म्हाताऱ्याला चेव चढला.

“त्या दिवशी तर तीन वेळा हॉर्न दिला. असा, की झाडावरचे कावळे उडाले. हे पोस्टमनभाऊ मात्र आपल्याच तंद्रीत!”

न्यायाधीशांनी पहिल्यांदाच मान वर केली. “काय हो, हॉर्न ऐकलात?”

पोस्टमन कुबड्या सावरत बसला होता. त्याचं पत्रं वाटणं सुटलं होतं. आता दिवसभर खुर्चीत बसून शिक्के मारायचे.

“दिला असेल, साहेब,” तो म्हणाला. “मलाच ऐकू आला नसेल. बायको म्हणतेच, तुमचं लक्ष कुठं असतं. मिटवून टाका आता.”

“म्हणजे चूक दोन्हीकडची.” न्यायाधीशांनी पेन उचललं. “दंड कमी करता येईल.”

पोस्टमननं मान खाली घातली. म्हातारा खुशीत मागे वळला. सून उभी राहिली होती.

“खाली बस,” तो पुटपुटला.

“त्या गाडीचा हॉर्न वाजतच नाही, साहेब,” ती म्हणाली. “आठ महिने झाले. रोज मीच चालवते.”