तारखेची दाढी

सुताराचा चेक वटला असता तर खिळेवाल्या शेठला मुद्दल मिळालं असतं, वर थोडं व्याज. चेक परत आला म्हणून त्याला त्याहून मोठी गोष्ट मिळाली : तारखा.

हिशेब जुना होता. भर दुकानात, गिऱ्हाइकांसमोर सुतार एकदा म्हणाला होता, "शेठ, खिळे मग तोला. आधी काट्यावरचा अंगठा काढा." सगळे हसले. त्या दिवसापासून बाजारात शेठचं नाव 'अंगठा' पडलं. शेठने तेव्हा खिळे तोलून दिले. सुताराच्या मुलीचं लग्न निघालं तेव्हा मात्र त्याने आपणहून पैसे देऊ केले आणि बदल्यात पुढच्या तारखेचा चेक लिहून घेतला. लग्नाचं आमंत्रण आलं, तिकडे तो फिरकला नाही. तो वाट बघत होता बँकेच्या निरोपाची.

खटला उभा राहिला. दर तारखेला सुतार हातातलं काम टाकून कोर्टात यायचा आणि पुकारा होईपर्यंत जिन्यात ताटकळायचा. शेठ यायचाच नाही. त्याचा वकील उठून सांगायचा, "फिर्यादीचा मणका धरलाय, अंथरुणातून उठवत नाही. पुढची तारीख द्यावी."

मणका ठणठणीत होता. शेठ कोर्टासमोरच्या सलूनमध्ये, रस्त्याकडे पाठ करून, फेसाने माखलेला बसायचा. आरशात कोर्टाचा जिना दिसायचा आणि जिन्यात सुतार.

"हळू चालव," तो सलूनवाल्याला म्हणायचा. "मला काही घाई नाही."

"पाहुणे आले वाटतं आरशात?"

"आलेत. बघ कसा भिंतीला टेकलाय. गेली आजची मजुरी."

"आणि तुम्ही अंथरुणाला खिळलेले!"

"खिळेवाला खिळणार नाही तर काय करणार?"

सलूनवाला हसायचा. हसताना वस्तरा गळ्यापासून लांब धरायचा. हाताचा सावध माणूस. "मिटवून का टाकत नाही, शेठ? हप्त्याहप्त्याने देतो म्हणतोय ना तो?"

"तुला कोणी सांगितलं?"

"तुम्हीच नाही का मागे बोललात?"

बोललो असेन, शेठला वाटलं. "पैसे नकोत रे मला. पाय झिजू देत त्याचे."

उठताना तो खुशीत दुप्पट पैसे द्यायचा. सलूनवाला नको नको म्हणत ते खिशात घालायचा, मग हात धुऊन सुनेने दिलेला डबा उघडायचा.

शेवटी खालच्या कोर्टातल्या न्यायाधीश बाई कंटाळल्या. "ज्याची तक्रार त्यालाच सवड नाही, तर आम्ही किती थांबायचं?" म्हणाल्या आणि सुताराला निर्दोष सोडून मोकळ्या झाल्या. शेठने आरशात बघितलं. सुतार जिना उतरत होता, चक्क हसत. एका गालावर फेस तसाच ठेवून शेठ वकिलाकडे धावला.

"अपील करा."

"करू. पण गैरहजेरीचं कारण शपथेवर सांगावं लागेल."

"मणका."

"बाहेर कोणी बघितलं नाही ना तुम्हाला?"

"फार तर पाठ दिसली असेल."

अपिलाच्या दिवशी शेठ सकाळीच सलूनवर गेला. शटर खाली होतं. मग दाढीचे खुंट वागवतच तो वरच्या कोर्टात पोचला, कमरेला पट्टा आवळून, काठी टेकत. वकिलाने दुखणं असं काही रंगवलं की शेठला खरोखरच कळ आली. न्यायाधीश मान डोलवू लागले. खटला पुन्हा उभा राहणार, पुन्हा तारखा पडणार. शेठने डोळ्याच्या कोपऱ्यातून सुताराकडे बघून घेतलं.

तेवढ्यात सुताराचा वकील उठला. "साहेब, हे गृहस्थ दर तारखेला कोर्टासमोरच बसून होते. बसवणाऱ्यालाच आणलंय."

मागच्या बाकावरून सलूनवाला उभा राहिला. अंगात इस्त्रीचा शर्ट, हातात डबा. "शेठ माझ्याच खुर्चीत असायचे, साहेब. मणका ताठ ठेवून."

शेठचा वकील मुरलेला होता. "सुताराला ओळखता का हो तुम्ही?"

"ओळखतो म्हणजे? व्याही आहोत आम्ही. शेठनी ज्या लग्नाला पैसे दिले, त्यातला नवरदेव माझा मुलगा."

वकिलाचा चेहरा उजळला. "ऐकलंत, साहेब? व्याह्यासाठी व्याही बोलतोय. याच्या शब्दाला वजन ते काय?"

"मुद्दा बरोबर आहे," न्यायाधीश म्हणाले. "दुसरं कोणी आहे सांगणारं?"

सुताराने मान खाली घातली. सलूनवाला शेठकडे वळला आणि अदबीने म्हणाला, "ते असू दे, शेठ. शेवटच्या दिवशी धावत गेलात, तेव्हाचे एका गालाचे पैसे तेवढे राहिलेत तुमच्याकडे."

शेठ काठी फेकून ताडकन उठला. "एका गालाचे? दर तारखेला दुप्पट मोजलेत तुला, हरामखोरा!"