होणाऱ्या सुनेची बस

होणारी सून नोकरीवर कशी वागते ते गुपचूप पाहावं, म्हणून कुंदाताई मुलालाही न सांगता मुंबई दाखवणाऱ्या उघड्या बसच्या वरच्या मजल्यावर जाऊन बसल्या. डोक्यावरून पदर घट्ट ओढून.

मुलगी माइकवर माहिती सांगत होती. केस विस्कटलेले, आवाज खणखणीत. व्हीटीची इमारत दिव्यांनी निळी, मग केशरी झाली, तेव्हा कुंदाताईंचा पदर कधी घसरला, त्यांना कळलंच नाही.

"ओळखलं मी, काकू. पदर घ्या, वारं लागेल," मुलगी जवळ येऊन हळूच म्हणाली.

कुंदाताई ओशाळल्या. "लग्नानंतरही हेच करणार?"

"हो." तिनं माइक घट्ट धरला होता.

"कर बाई. नोकरीपायी जन्मभर या स्टेशनात धावत शिरले. मान वर करून आज पाहिलं. रविवारी ह्यांनाही आणते. पुढची सीट धरून ठेव."