पाचवा फाउल

विद्यापीठांच्या बास्केटबॉल स्पर्धेच्या अंतिम सामन्यात माझ्या नातीच्या, वल्लरीच्या कोचने मला टेबलावर गुण आणि फाउल लिहायला बसवलं. महिनाभर नियमांचं पुस्तक वाचत होतो, त्याचं चीज झालं असं वाटलं.

दोन मिनिटं उरली असताना नातीचा पाचवा फाउल झाला. पाच झाले की खेळाडू बाहेर. रेफ्रींना आकडा ठाऊक नव्हता. तो फक्त माझ्या कागदावर होता. तीनदा मोजून मी हात वर केला. ती बाहेर बसली आणि सामना एका गुणाने गेला.

सामना झाला त्या एनस्खेडे शहराहून आम्ही दोघं ट्रेनने परतत होतो. मी विचारलं, "रागावलीस का गं?"



"नाही. पण आजोबा, तुम्ही माझे आजोबा आहात म्हणूनच कोचने तुम्हाला तिथे बसवलं होतं."