दुसऱ्या रविवारचा पेपर

आप्पाराव ऑफिसात शिरले तसा रुद्राणीबाईंनी निकालाचा कागद हाताखाली ओढून घेतला. मुख्याध्यापक राजेश्वर सर लगबगीनं उठले आणि आप्पाराव त्यांच्याच खुर्चीत बसले. संस्था त्यांची, शाळा त्यांची, मग खुर्चीचं ते काय! नातू मृत्युंजय दारातच घुटमळला. त्याला कोणी आत ये म्हणालं नाही, बाहेर थांब असंही म्हणालं नाही.

"मार्क वाढवलेत म्हणं तुमी, बाई."

आवाज चढा नव्हता. बाईंना त्याचीच जास्त भीती वाटली.

वडवणीच्या या निवासी शाळेत यंदा कॉम्प्युटर येणार होता, म्हणून पाचवीच्या चाळीस जागांवर झुंबड उडाली होती. परीक्षा दोन रविवारी घ्यावी लागली. पहिल्या रविवारी गावातली पोरं बसली, दुसऱ्या रविवारी वाड्यावस्त्यांवरची. पेपर फुटू नये म्हणून दुसऱ्या वेळी वेगळा काढला. निकाल लागला तेव्हा वाड्यांवरचं एकही पोर चाळिसात नव्हतं. गणित शिकवणाऱ्या रुद्राणीबाईंच्या मनाला ते काही पटलं नाही, त्यांनी नवा निकाल मांडला.

"वाढवले नाहीत आप्पा, सारखे केले," बाई म्हणाल्या. "तोंडी हिशोब दोन्ही दिवशी मीच विचारले, तेच ते. त्यात दोन्हीकडची पोरं बरोबरीची निघाली. लेखीत मात्र दुसऱ्या रविवारची पोरं सरासरी अठरा मार्कांनी मागं. म्हणजे पेपरच जड होता. म्हणून त्या दिवसाच्या सगळ्यांना अठरा धरले."

"आमच्या मृत्युंजयला किती?"

"चौऱ्याऐंशी."

"आन त्या म्हाळू मेंढक्याच्या पोरीला?"

"बबिताला? एकाहत्तर. अठरा धरून एकोणनव्वद."

"मंग चौऱ्याऐंशी मोठे का एकाहत्तर मोठे? आमी जास्त शिकलेलो न्हाई, पर एवढं कळतं."

राजेश्वर सर टेबलाच्या काचेकडं बघत हळूच म्हणाले, "बाई, पहिलाच निकाल राहू द्या. सही करा आणि मोकळ्या व्हा."

बाईंनी पेन उचललं. गेल्या साली एका मास्तरांनी आप्पारावांशी वाद घातला होता. आठ दिवसांत त्यांची मोटारसायकल भर बाजारात जळाली. कोणी जाळली ते अख्ख्या वडवणीला ठाऊक होतं आणि जाळताना कोणीच पाहिलं नव्हतं. पेनाचं टोक कागदाला टेकलं, पण हात पुढं सरकेना.

"मृत्युंजय, इकडं ये बाळा." हे आपणच बोललो, याचं बाईंना नवल वाटलं. "आप्पा, दुसऱ्या रविवारच्या पेपरातली पाच गणितं याला सोडवू द्या. इथंच, तुमच्यासमोर."

आप्पाराव हसले. "सोडवंल की. वाघ हाय तो."

पोरगं टेबलाशी बसलं. पहिलं गणित त्यानं झटक्यात केलं. दुसऱ्याला अडलं. लिहिलं, खोडलं, पुन्हा लिहिलं. तिसऱ्याला रबर एवढा जोरात फिरवला की कागद फाटला. मग ते कागदाकडं बघायचंच सोडून आजोबांच्या उजव्या हाताकडं बघत राहिलं. बाईंनी ते ओळखलं. ती भीती त्यांच्या ओळखीची होती.

"येतं का न्हाई बे?" आप्पाराव उठले. हात वर गेला.

"आप्पा, थांबा!" बाई मधे आल्या. "त्याला मारू नका. पोरगं हुशार आहे. पेपर जड आहे."

"काय म्हणलात?"

"तेच, मघापासून सांगते ते. एक तर पोरगं ढ आहे, नाहीतर पेपर जड आहे. दोन्हीतलं तुम्ही सांगाल ते मी लिहिते."

राजेश्वर सरांनी डोळे मिटून घेतले. आप्पारावांचा हात तसाच हवेत राहिला. मृत्युंजयच्या हनुवटीवरून एक थेंब फाटक्या कागदावर पडला. आप्पारावांनी नातवाच्या वाकलेल्या मानेकडं पाहिलं आणि हात खाली घेतला.

"माझं पोरगं ढ न्हाई," ते अखेर म्हणाले. एकेक शब्द दाताखाली धरून सोडावा तसे पुढचे शब्द आले. "पेपरच जड हाय."

बाईंनी नव्या निकालावर सही केली. सरांनी केली. आप्पारावांनीही केली, इतकी दाबून की निब वाकली. चाळीस जागांत बबिता आली, आणखी पाच पोरं वाड्यांवरची आली, आणि गावातली तेवढीच बाहेर गेली. बाहेर गेलेल्यांत मृत्युंजयही होता. आप्पारावांनी त्याचं मनगट धरलं आणि ते निघून गेले.

शाळा सुटल्यावर बाई एस.टी. स्टँडवर पोचल्या. बीडची गाडी नुकतीच गेली होती. लिंबाखाली दोनचार माणसं उभी होती. आप्पारावांची सुमो वळून आत आली तशी ती माणसं हॉटेलाच्या पत्र्याआड सरकली. गाडी बाईंच्या पुढ्यात थांबली.

"बसा बाई, घरला सोडतो," आप्पाराव पुढच्या सीटवरून म्हणाले.

"नको आप्पा. दुसरी गाडी येईल ना."

"येईल, न्हाई तर न्हाई बी येणार. बसा."

मागचं दार उघडलं. आत मृत्युंजय होता. रडून त्याचे डोळे सुजले होते. त्यानं बाईंकडं पाहिलं, आणि खिडकीकडं सरकून त्यांच्यासाठी जागा केली.