साडीतला फोटो

इंदिरानगरात मी वधू-वर सूचक केंद्र चालवत असे. २००९ साली कॉम्प्युटरमधली सगळी स्थळं एकदम उघडेनाशी झाली. बाकीची पुन्हा भरता आली असती, पण त्यातच माझ्या लेकीचं, रोशनीचं स्थळ होतं. चोविसाव्या वर्षी ती गेली, त्याला दहा वर्षं झाली होती. तिचं नाव काढायला माझा हात कधी धजला नाही. तिचा साडीतला एकुलता एक फोटो तिथेच होता.

दुरुस्तीला आलेल्या किशोरने विकतचं सॉफ्टवेअर लावलं. "काकू, काळजी सोडा. मेलेल्या फायलीसुद्धा उठवतं हे."

मी चहा टाकायला आत गेले.

"आलं बघा सगळं परत!" त्याने हाक मारली. मग हसला. "काकू, या बाई कोण? वय चोवीस लिहिलंय आणि केस बघा!"

मी पुढे झाले.

तीच निळी साडी. खांद्यावर मीच लावलेली पिन. कानशिलांवरचे केस मात्र पिकले होते.

फोटो काढताना ती हसत होती. आता ती कुणाची तरी वाट बघून थकली होती.