आषाढातली हळद

माझ्या धाकट्या बहिणीचं, हौसाचं लग्न झालं ते १९७९ साल. त्या आषाढात आकाशातून स्कायलॅब पडणार, असं रेडिओ रोज सांगत होता. अमेरिकेनं वर सोडलेलं ते घराएवढं यंत्र कुठं पडेल, हे त्यांनाही ठाऊक नव्हतं. गावात लोकांनी कोंबड्या कापून खाऊन टाकल्या.

वडिलांना स्वतःच्या मरणाचं भय नव्हतं. चौदा वर्षांची पोर हळद न लागताच जाईल, याचं होतं. आमच्यात अशा पोरीला अग्नी देत नाहीत, पुरतात.

भटजी म्हणाले, "तात्या, आषाढात मुहूर्त नसतो."

"आभाळ काय मुहूर्त बघून पडतंय व्हय?" वडील म्हणाले.

शेजारच्या गावचा तिशीतला बिजवर मिळाला. मांडवात हौसा मला म्हणाली, "दादा, माझी शाळा सुटली की रं."

मी हसलो. "अगं, परवा सगळ्यांचीच सुटणार हाय."

ती सासरी गेली आणि तिसऱ्या दिवशी रेडिओनं सांगितलं, स्कायलॅब लांब समुद्राकडं पडली, कुणाला खरचटलंही नाही. पोरांनी गावभर हलगी वाजवली. वडील मांडवाच्या खांबाला टेकून बसले होते. त्यांच्या बोटांची हळद अजून गेली नव्हती.

"आता तिला माघारी आणता येत न्हाई का रं?" त्यांनी मला विचारलं.

हौसाला अग्नी मिळाला. पुढच्याच वर्षी, श्रावणात, पहिल्या बाळंतपणात ती वारली.