कॅमेऱ्यामागची बोटं

मूकपटांच्या दिवसांत मी कॅमेऱ्यामागून "मेजर, बस! मेजर, भुंक!" असा खुशाल ओरडायचो आणि माझा कुत्रा पडद्यावर टाळ्या घ्यायचा. मग हॉलिवूडमध्ये बोलपट आले. आमचे दिग्दर्शक ग्रबसाहेब म्हणाले, "ऑर्विल, आता सेटवर कुणी ब्रही काढायचा नाही, माईक सगळं ऐकतो. कुत्र्याला जमलं नाही तर दोघंही घरी बसा."

मी आठ दिवस खपून, खिसे भरभरून बिस्किटं चारून मेजरला बोटांच्या खुणा शिकवल्या. पहिल्याच शॉटला गडी जराही चुकला नाही.

अडला तो आमचा देखणा हिरो, पर्सिव्हल. बारा वर्षं साहेब कर्ण्यातून "रड! छातीवर हात! आता वळ!" असं ओरडणार आणि हा तसं करणार. शांततेत तो नुसता खांबासारखा उभा राहिला.

साहेबांनी कपाळाला हात लावला. "ऑर्विल, बाबा रे, यालाही ने आठ दिवस."

आता मी एक बोट वर केलं की मेजर भुंकतो, दोन केली की पर्सिव्हल ढसाढसा रडतो.

 

काल शॉट संपल्यावर मी मेजरला बिस्किट दिलं, तर पर्सिव्हल गाल फुगवून म्हणाला, "रडलो मी, आणि बिस्किट त्याला?"